शूटिंग दाखवणारी आत्याबाई

मुंबईला म्हणे आता सिनेमाच्या जागा दाखवायला माणसं असतात. एक जण छत्री उंच धरून पुढे चालतो, मागे वीस-पंचवीस लोक. हा तो बंगला, ही ती पायरी, या खिडकीतून ती वाकली होती. माझी भाची मागच्या दिवाळीत तशी चालून आली आणि मला कौतुकानं सांगायला लागली. म्हटलं, बाई, मला नको सांगूस. हे काम माझ्या सासूनं नागपुरात पन्नास वर्षांपूर्वी केलंय, तेही फुकट, वर चहा पाजून. त्यांच्या त्या फेरीचा शेवट जसा झाला त्याला कारण मी होते, म्हणून मी ही गोष्ट सहसा काढत नाही. पण भाचीनं विषय काढला आणि तेव्हापासून ती डोक्यातून जात नाही, तर सांगूनच टाकते.

सासूला आमच्याकडे आत्याबाई म्हणतात. मी काटोलकडच्या खेड्यातून लग्न होऊन उत्तर नागपुरातल्या आमच्या वस्तीत आले तेव्हा मला विसावं सुरू होतं आणि माझी सातवी झालेली होती. घर दोन खोल्यांचं, कौलारू, भिंतींना निळीचा रंग. दारात कडुनिंब. नवरा रेल्वेच्या मालधक्क्यावर कारकून, सकाळी जायचा तो दिवेलागणीला यायचा. सासरे माझ्या लग्नाआधीच गेले होते. आत्याबाईंनी वीस वर्षं कापडाच्या मिलमध्ये काम केलं होतं. यंत्रांच्या खडखडाटात बोलून बोलून त्यांचा आवाज असा झाला होता की त्या घरात कुजबुजल्या तरी पानठेल्यावर ऐकू जायचं. आमच्या दोघींत काही गुपित राहणं शक्यच नव्हतं. तरी एक राहिलं, आणि ते माझंच होतं.

स्वयंपाकाच्या खोलीत चुलीच्या वरच्या भिंतीवर एक लाकडी फळी होती. तिच्यावर पितळेची भांडी ओळीनं लावलेली आणि फळीच्या वर दोन फोटो. एक तथागतांचा, दुसरा निळ्या कोटातला, चष्म्याचा. नाव सांगायला नको, ज्याला कळायचं त्याला कळतं. पूर्वी तिथं कोनाडा होता आणि कोनाड्यात देव होते. धम्मदीक्षा घेतली त्या साली सासऱ्यांनी ते देव टोपलीत घालून कन्हान नदीत नेऊन सोडले, स्वतःच्या हातानं कोनाडा बुजवला, आणि त्या ओल्या गिलाव्यावरच खिळे ठोकून हे फोटो लावले. गिलावा वाळायची वाटसुद्धा पाहिली नाही म्हणे. त्यामुळे खिळ्यांभोवती भेगा पडल्या होत्या. दर दिवाळीला आत्याबाई भिंत पोतारायच्या, पण त्या भेगांना हात लावायच्या नाहीत. “मालकाच्या हाताच्या हायेत,” म्हणायच्या.

तर असं घर. माझ्या लग्नानंतरच्या पहिल्याच होळीच्या आधी, काळा चष्मा लावलेला एक माणूस गळ्यात टेप अडकवून गल्लीत शिरला. इकडून घर माप, तिकडून माप. वस्तीत बोंब झाली की कॉर्पोरेशनचा माणूस आला, रस्ता रुंद करतात, घरं पाडतात. पानठेल्यावरच्या चार जणांनी त्याला असं घेरलं की बिचाऱ्याचा चष्मा खाली पडला. मग कळलं, तो सिनेमावाला. हिरोच्या विधवा आईचं घर शोधत होता. गरिबाचं पाहिजे, पण टापटीप पाहिजे.

“गरिबाचं त हायेच,” आत्याबाई कमरेवर हात ठेवून म्हणाल्या. “टापटीप माह्या सुनेनं ठेवलं हाये. या, पाहा.”

ठरलं. पाच दिवस शूटिंग, बदल्यात पावसाळ्याआधी आमची सगळी कौलं फेरून द्यायची. नवरा नाराज होता. म्हणाला, ही माणसं येतील आणि घराची धर्मशाळा करतील. पण आत्याबाईंनी एकदा मनावर घेतलं की त्यांच्यापुढे नवऱ्याची काय टाप. आणि मी? मी तर हवेतच होते. सिनेमा मी तोवर तीनच पाहिले होते, त्यातला एक यात्रेच्या तंबूत, तोही उलट्या बाजूनं बसून.

पहिल्याच दिवशी ट्रकमधून प्लायवूडचं तुळशीवृंदावन उतरलं. अंगणात बरोब्बर मधोमध मांडलं, वर कुंडीतली खरी तुळस. आत्याबाईंनी त्याला एक फेरी मारली, बोटानं वाजवून पाहिलं.

“हे काहून?”

“कहानी में माँ रोज पूजा करती है,” चष्मेवाला म्हणाला.

“करू दे. अंगणात करू दे. जातानी घेऊन जाजा म्हणजे झालं.”

इथवर हसण्यावारी चाललं होतं. मग तो चष्मेवाला आत गेला, भिंतीकडे पाहिलं आणि म्हणाला, हे दोन फोटो उतरवावे लागतील. आत्याबाई तडक बाहेर आल्या, वृंदावनाला दोन्ही हातांनी धरलं आणि ओढत ओढत ट्रकपर्यंत नेलं. सगळी गल्ली पाहत राहिली. “निंघा,” म्हणाल्या. “सामान भरा अन निंघा.”

तेव्हा दिग्दर्शक आला. पिकल्या दाढीचा, शांत बोलणारा. दारात चपला काढल्या, ते आत्याबाईंनी पाहिलं आणि थोड्या नरमल्या. आपल्या नागपुरी हिंदीत म्हणाल्या, “ये मेरे मालक के हाथ के लगाये हैं. घर पायजे त इनके संग पायजे.” त्यानं फोटोंकडे बराच वेळ पाहिलं, हात जोडले आणि म्हणाला, “माँजी, इन्हें कोई हाथ नहीं लगाएगा.” आत्याबाई काय कच्च्या गुरूच्या चेल्या होत्या? त्यांनी गल्लीतल्या दोन म्हाताऱ्या माणसांना बोलावलं आणि त्यांच्यापुढे त्याला परत बोलायला लावलं. तो परत बोलला. मग वृंदावन परत आलं.

आमच्या सगळ्यांचं गणित सोपं होतं. फोटो भिंतीवर आहेत, कॅमेरा खोलीत आहे, म्हणजे फोटो सिनेमात आले. आमच्या घरात पाऊल टाकणाऱ्या माणसाची नजर सगळ्यात आधी त्या भिंतीवर जायची, मग कॅमेऱ्याची का नाही जाणार? वस्तीत कोणालाही वेगळं वाटलं नाही. सिनेमात आजवर कोणाच्या घरात असे फोटो पाहिले होते कोणी? संध्याकाळी पानठेल्यावर हीच चर्चा. आत्याबाई त्या दिवशी जेवल्यासुद्धा उभ्याउभ्याच, दारात, येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत.

पुढचे दिवस म्हणजे माझ्या जिवाला नुसता उत्सव. मला प्रत्येक गोष्टीचं काहून आणि कसं पाहिजे होतं. ऊन असताना चंदेरी फळ्या कशाला धरतात? हिरो सायकलवरून पडला, कडुनिंबाखाली, मग त्याला उठवून परत का पाडतात? चौदा वेळा पडला तो. नवव्या वेळी गल्लीतल्या पोट्ट्यांनी टाळ्या वाजवणं बंद केलं. नळावर बायांना खोटं खोटं भांडायला सांगितलं तर एकीनं दुसरीच्या माहेरावरून काहीतरी काढलं आणि खरंच जुंपली. दिग्दर्शक ओरडून थकला तरी त्या थांबेनात. नंतर म्हणे तेच भांडण सिनेमात ठेवलं, कारण तसं काम पैसे देऊन कोणी करत नाही.

आईचं काम करणारी नटी मोठी गोड बाई होती. पण तिला भाकर येत नव्हती. विधवा आई पोरासाठी चुलीवर ज्वारीची भाकर थापते, असा देखावा होता. ती थापायची आणि भाकर परातीतच फाटायची. मी बाजूला बसून दाखवत होते, असं बोटं उघडी ठेवा, असं फिरवा. कुठलं काय! तिसऱ्या दिवशी दुपारपर्यंत आमचं दीड पायली पीठ वाया गेलं आणि सगळे जेवायला उठले.

खोलीत कॅमेरा एकटा उभा होता आणि त्याच्याजवळ त्याची राखण करणारा एक हडकुळा माणूस. मी त्याला ताक नेऊन दिलं. तो खूश दिसला तशी मी विचारलं, यातून काय दिसतं? तो हसला. बघा म्हणाला.

मी डोळा लावला. आमचीच खोली, पण एका लहान चौकोनात बसवलेली, आणि अशी सुंदर की मला माझीच चूल ओळखू येईना. परात दिसली, पाट दिसला, निळी भिंत दिसली, फळीवरची पितळेची भांडी दिसली. आणि भांड्यांच्या वर चौकोन संपला. मी डोळा काढला. फोटो होते. परत डोळा लावला. नव्हते. तीनदा केलं मी हे. आधी वाटलं मला पाहता येत नाहीये, मान चुकते आहे.

“वो ऊपर का?” मी विचारलं.

त्यानं ताकाचा पेला खाली ठेवला. “कहानी में माँ तुलसी पूजती है, भाभी. ऊपर का आया तो मेल नहीं बैठेगा.” मग इकडेतिकडे पाहून म्हणाला, “आप किसी से बोलना मत. मेरी नौकरी का सवाल है.”

मी उठले ती थेट आत्याबाईंकडे निघाले. खरंच निघाले होते, खोटं सांगत नाही. आत्याबाई अंगणात नटीला वारा घालत बसल्या होत्या. मी उंबरठ्यापर्यंत आले आणि दिग्दर्शकानं मला हाक मारली. म्हणाला, बेटी, उद्या सकाळी तू बस. पाठमोरी, डोक्यावर पांढरा पदर, भाकर थापायची. हात तुझे दिसतील. चेहरा तिचा आपण नंतर घेऊ.

झालं. तिथंच माझी गाडी घसरली. माझे हात! नागपूर, मुंबई, कलकत्ता, जिथं जिथं तो सिनेमा लागेल तिथं माझे हात! आणि आत्याबाईंना आत्ता सांगितलं तर त्या त्या वृंदावनासकट सगळ्यांना हाकलतील, हे मला दिसत होतं. मनाशी म्हटलं, उद्या होऊ दे, मग सांगू. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते काय असतं ते मला त्या दिवशी कळलं.

विधवेचे हात म्हणजे बांगड्या काढायला पाहिजेत. माझ्या लग्नाला वर्षही झालं नव्हतं. मला वाटलं, इथं तरी आत्याबाई आडव्या येतील आणि आपोआप सुटेल सगळं. कुठलं! त्यांनीच साबणाचं पाणी आणलं आणि एकेक बांगडी अलगद काढली. “काढ वं. नवरा का बांगड्यांत राहते? ते सारं सोडलं आपण,” म्हणाल्या. मी त्या भिंतीसमोर पाठमोरी बसून भाकर थापली. माझ्यामागे कॅमेरा, त्याच्यामागे दारात आत्याबाई. भाकर झाली तेव्हा त्यांनी सगळ्यांआधी टाळी वाजवली आणि दिग्दर्शकानं ती माफ केली.

ते लोक गेले. कौलं फेरून दिली, शब्दाला जागले. वृंदावनही घेऊन गेले. आणि दुसऱ्याच आठवड्यापासून आत्याबाईंची फेरी सुरू झाली.

आधी नात्यातले आले, मग शेजारच्या वस्तीतले, मग बाजाराला माल घेऊन आलेले ओळखीचे गाडीवानसुद्धा. आत्याबाई पदर खोचून पुढे, लोक मागे. कडुनिंबापासून सुरुवात. “इथी कॅमेरा होता. तीन पायाचा. अन इथी तो पडला. तू उभा राह्य गा इथी, तू हिरो.” पाहुण्याला हिरोच्या जागी उभं करायच्या आणि स्वतः कॅमेऱ्याच्या जागी उभ्या राहून एक डोळा मिटायच्या. मग नळ. नळावर भांडण कोणी कोणाला काय म्हणून सुरू केलं ते साभिनय, त्यातली एक बाई तिथं पाणी भरत असली तरी. मग पानठेला, त्याच्या पाटीवर सिनेमावाल्यांनी दुसरंच नाव रंगवलं होतं आणि मालकानं ते तसंच ठेवलं होतं. मग आमचं अंगण, वृंदावनाची जागा. तिथं जमिनीवर चार खुणा होत्या. त्या दाखवून म्हणायच्या, “हे त्याईचं होतं. घेऊन गेले.”

आणि शेवटी खोली. लोक आत आले की त्यांचा तो मिलमधला आवाज एकदम खाली यायचा. “अन हे दोघं. हे सिनेमात दिसणार हायेत. मले शब्द देल्ला हाये, दोन माणसाईसमोर. आजपर्यंत कोण्या सिनेमात नाही दिसले. माह्या घरच्या भिंतीवरून दिसतीन.” मग माझ्याकडे बोट. “अन हात हिचे.”

या वाक्याला मी नेहमी मोरीवर कपबशा विसळायला जायचे.

दसऱ्याला तर कहर झाला. दसऱ्याला आमच्या वस्तीत प्रत्येक घरी खेड्यावरचे पाहुणे, दीक्षाभूमीवर जायला आलेले. ज्याचा नातेवाईक नागपुरात तो नातेवाइकाकडे, ज्याचा कोणी नाही तो नातेवाइकाच्या शेजाऱ्याकडे. गल्लीभर चटया, दगडांच्या चुली, पांढऱ्या साड्या वाळत घातलेल्या. दर्शन झालं की परतीच्या गाडीपर्यंत करायचं काय? चला आत्याबाईंचं शूटिंग पाहायला. त्या दिवसांत त्या सकाळी दोन फेऱ्या मारायच्या आणि संध्याकाळी एक. म्हाताऱ्या बायका खोलीत येऊन फोटोंपुढे हात जोडायच्या आणि आत्याबाईंच्या तोंडावरून हात फिरवून कडाकडा बोटं मोडायच्या. तुमच्यामुळे दिसतील, बाई.

एकदा मी धीर केला. तांदूळ निवडत होतो. म्हटलं, “आत्याबाई, सिनेमात सगळंच दिसते असं नसते म्हणे.”

“काहून नाही दिसणार? आंधळा हाये का त्याचा कॅमेरा?”

मी खडे वेचायला लागले. नवऱ्याला सांगावं तर तो म्हणणार, मी आधीच म्हटलं होतं. दिवस गेले तसं सांगणं आणखीच अवघड झालं. पहिल्या दिवशी सांगितलं असतं तर एक गोष्ट होती. आता शे-दोनशे माणसांना आत्याबाईंनी सांगितलेलं मला पुसावं लागलं असतं. आणि मनात एक वेडी आशाही होती. त्या हडकुळ्यानं नंतर कॅमेरा वर केला असेल, कोणी पाहिलंय?

सिनेमा लागला तो पुढच्या वर्षी, बरोबर दसऱ्याच्या तोंडावर, सीताबर्डीच्या टॉकीजमध्ये. आत्याबाईंनी ठरवलं, दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी दुपारचा खेळ, सगळी गल्ली आणि सगळे पाहुणे. त्यांच्या माहेरची माणसंही आली होती, भंडाऱ्याकडची. आदल्या दिवशी त्यांनी अंगणात सगळ्यांना बसवून सांगितलं, फोटो दिसले की सगळ्यांनी उभं राहायचं. गपचूप उभं राहायचं आणि हात जोडायचे. मागचे ओरडले तरी बसायचं नाही. पोरांना दोनदा उभं करून सराव घेतला.

तीन रांगा आमच्याच होत्या. मी आत्याबाईंच्या शेजारी. कडुनिंब आला तेव्हा पोरं किंचाळली. नळ आला तेव्हा त्या दोघी बाया एकमेकींच्या गळ्यात पडून हसल्या. वृंदावनाला नटीनं पाणी घातलं. आणि मग खोली आली.

आत्याबाईंनी खुर्चीच्या हातांवर जोर दिला. तिन्ही रांगांत खुर्च्या करकरल्या. पडद्यावर पांढऱ्या पदराची पाठ, परात, आणि हात. माझे हात. एवढे मोठे, एवढे उजळ, फिरती भाकर. मागून कोणी तरी शीळ घातली. आमच्या रांगेतून कोणी म्हणालं, अव माय, हे पाहा हिचे हात! आणि मला आनंद झाला. लाज वाटते सांगायला, पण झाला. अंगावर शहारा आला आनंदानं. मग मी बाजूला पाहिलं. आत्याबाई अर्धवट उठलेल्या, हात जोडायच्या बेतात, आणि त्यांची नजर पडद्यावर नव्हतीच. पडद्याच्या वर, जिथं काळी भिंत असते, तिथं त्या पाहत होत्या.

देखावा संपला. लोक हळूहळू टेकले. आत्याबाई म्हणाल्या, “पुढं येतीन.” मध्यंतर झालं. “पुढं येतीन,” पुन्हा म्हणाल्या. खोली आणखी दोनदा आली, दोन्ही वेळा त्या उठायला गेल्या. सिनेमा संपला, राष्ट्रगीत झालं, तेव्हा मात्र सगळेच उभे होते.

परत येताना आत्याबाईंच्या माहेरची एक म्हातारी समजूत घालत होती, लांबलचक पिक्चर होता, कापलं असन बापा त्याईनं. आत्याबाईंनी ते पकडलं. घरी आल्या आल्या पदरानं तोंड पुसलं आणि मला म्हणाल्या, “कागद घे. लिही त्याले. म्हण, तुम्ही शब्द देल्ला होता. दोन माणसाईसमोर देल्ला होता. कोणं कापलं ते इचार. तुले लिहिता येते, लिही.”

मी कागद घेतला. ‘सप्रेम’ लिहिलं. पुढं पेन चालेना. त्या माणसानं फोटोला हात लावला नव्हता, कोणी काही कापलंही नव्हतं. मी पेन खाली ठेवलं आणि सांगितलं. चौकोन, डोळा, तीनदा पाहिलं, सगळं.

मला वाटलं आता वस्ती गोळा होणार. पण आयुष्यात पहिल्यांदा मी त्यांचा आवाज इतका हळू ऐकला की मला पुढे वाकावं लागलं.

“म्हंजे गेल्या दसऱ्यालेही तुले माहीत होतं.”

“हाव.”

“अन मी लोकाले सांगून राहिली होती, अन तू आयकून राहिली होती.”

“हाव, आत्याबाई.”

“त्याईनं फसवलं ते परकेच होते वं. तू त घरची.”

मी ओक्साबोक्शी रडले. त्या रडल्या नाहीत. मला उगी करायलाही आल्या नाहीत. नवरा दारात उभा राहून ऐकत होता. थोड्या वेळानं त्या उठल्या आणि चुलीला लाकूड लावता लावता म्हणाल्या, “माह्या माहेरचे लोक उद्या जाणार. त्याईले फेरी दाखवायची राहिली. तू दाखव. अन खरं सांग.”

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पुढे चालले, मागे तीसेक माणसं आणि सगळ्यांच्या मागे आत्याबाई. कडुनिंब, नळ, पानठेला, वृंदावनाच्या खुणा. माझा आवाज कोणाला ऐकूच जात नव्हता, मोठ्यानं बोल असं लोक म्हणत होते. खोलीत आलो. जेवढी मावली तेवढी माणसं आत, बाकीची दारात. मी म्हटलं, “हे फोटो सिनेमात नाहीत. कॅमेऱ्यात दिसत नव्हते. मी आधीच पाहिलं होतं आणि मला माझे हात दाखवायचे होते म्हणून मी बोलले नाही. आत्याबाईंना माहीत नव्हतं. त्यांनी तुम्हाला खोटं सांगितलं नाही.”

तेव्हा आत्याबाईंचा थोरला भाऊ, काठीवर टेकलेला, म्हणाला, “मंग कोठवर दिसत होतं बाई?” त्याच्या विचारण्यात राग नव्हता. त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं.

मी हात वर करून फळीच्या जरा वर भिंतीवर बोट ठेवलं. “इथवर.”

आत्याबाई माणसांतून वाट काढत पुढे आल्या. माझ्या बोटापाशी अंगठा टेकवला आणि करंगळी वर ताणली. करंगळी फोटोच्या चौकटीच्या वरही गेली. खालचा काठ, कोट, चष्मा, सगळं त्या एका वितेत आलं. त्यांनी हात तसाच धरून ठेवला. मोजून झालं तरी काढेनात.

“एकच वीत,” म्हणाल्या. मग माझ्याकडे वळल्या. “कॅमेरा एक वीत वर धरा, एवढंच त्याले म्हणाली असती वं. तरीबी तुहे हात त दिसलेच असते.”